डावखुरीचा ठसा

ओस्लोहून आलेली बाई आगबोटीतून धक्क्यावर उतरली, ती आन्फिन शेल्विकला नको होती. तिला त्याने येऊ नका असं कळवलं होतं, तेही दोनदा. पण शहरातल्या माणसांना 'नाही' म्हटलेलं 'बघू' असं ऐकू येतं. विबेके राम्स्ता तिचं नाव. राजधानीतल्या एका संग्रहालयात मोठ्या हुद्द्यावर होती. पायात पातळ तळाचे बूट, काखेत कातडी पेटी आणि तोंडावर असं हसू, की माणसाला हाकलून देणं अवघड जावं. आन्फिनच्या साऱ्या आयुष्याच्या कामाचं प्रदर्शन तिला भरवायचं होतं, आणि त्यासाठी स्कार्व्हय बेटावर ती स्वतः त्याचे कोरलेले लाकडी ठसे न्यायला आली होती.

आयुष्याचं काम म्हटलं की काहीतरी भारदस्त वाटतं. आन्फिनचं तसं काही नव्हतं. या बेटावर माणसं एक तर मासे मारतात, नाहीतर माशांची वाट बघत बसतात. त्याने तिसराच उद्योग काढला, आणि बापाने शिव्या देत देत का होईना, त्याला राजधानीत चित्रकला शिकायला पाठवलं. तिथे त्याने तैलरंगात समुद्र रंगवले. मोठमोठे, भिंतभर. एका पेपरवाल्याने लिहिलं, की शेल्विक यांचा समुद्र बटाटे उकडलेल्या पाण्यासारखा दिसतो. त्या पेपरवाल्याने जन्मात बंदराबाहेरचा समुद्र पाहिला नसेल, पण छापलेलं ते छापलेलं. आन्फिन शेपूट घालून बेटावर परत आला. हिवाळ्यात कॉड माशाच्या हंगामाला बोटीवर जायचा, उरलेल्या दिवसांत रंगवायचा. पण इथल्या अंधाराच्या महिन्यांत रंग दिसायचे नाहीत आणि होडीघराच्या ओलीत तेल वाळायचं नाही. शेवटी त्याने कुंचले बाजूला ठेवले आणि लाकूड हातात घेतलं. लाकूड अंधारातही बोटांना कळतं, असं तो म्हणायचा.

त्यात त्याला यश आलं, ते निम्मं बायकोचं. योरुन शेजारच्या बेटावरची. लहानपणापासून मासे चिरून चिरून तिची मनगटं लोखंडी झालेली. त्याच्याकडे छापायचं यंत्र नव्हतं. शाई लावलेल्या फळीवर कागद ठेवायचा आणि पाठीमागून शिंगाच्या चमच्याने घासायचा, आणि हे घासणं तिचं काम. कुठे दाबायचं आणि कुठे नुसतं फुंकर घातल्यासारखं जायचं, हे तिच्या हातालाच ठाऊक. कोरायचा तो आणि छापायची ती. नाव अर्थात त्याचं झालं.

आता योरुनला दिसत नव्हतं. काचबिंदूने आधी नजरेच्या कडा खाल्ल्या, मग मधलंही खाल्लं. गेल्या वर्षीच्या उन्हाळ्यात तिला खिडकीचा चौकोन तरी कळायचा. यंदा तोही गेला.

स्वयंपाकघरात कॉफी झाली. विबेकेने साखरेचा खडा कॉफीत टाकला, तेव्हा आन्फिन गालातल्या गालात हसला. इथे खडा दातांत धरून वरून कॉफी ओढतात. योरुन चुलीजवळच्या खुर्चीत मोजा विणत बसली होती.

"शेल्विक, बाकीचे सगळे ठसे होडीघरात नीट आहेत, पाहिले मी," विबेके म्हणाली. "एकच दिसला नाही. तुम्हाला कळलंच असेल कोणता."

"नाही कळला."

"'शिंपले उघडणारी मुलगी'. अहो, सगळ्या देशाला माहीत आहे ते चित्र. माझ्या दाताच्या डॉक्टरकडे लावलंय, माझ्या शाळेच्या वाचनमालेत होतं. तो ठसा नसेल तर प्रदर्शन कशाचं?"

"जाळला."

"जाळलात?"

"चुलीत घातला. हिवाळा मोठा होता. लाकूड ते लाकूड."

योरुनच्या सुया थांबल्या.

"खोटं बोलतोय," ती म्हणाली.

"योरुन..."

"काय योरुन? बाई, या माणसाने जन्मात ठशांच्या नाशपातीच्या लाकडाची ढलपीसुद्धा चुलीत घातलेली नाही. माझं लाटणं मोडलं, तर त्याची मूठ करून कोरणीला बसवली याने. आणि हा म्हणे फळी जाळतोय!" ती नवऱ्याच्या दिशेने वळली, पण अंदाज चुकून जरा खिडकीकडेच बघत राहिली. "इतकी वर्षं मी गप्प बसले, म्हणजे मला पटलं, असं वाटलं होय रे तुला?"

इतकी वर्षं आन्फिन समजून होता, की ही गोष्ट आपण पुरून टाकली.

विबेके बिचारी दोघांच्या मध्ये सापडली. वातावरण हलकं करायला ती म्हणाली, "असेल तर फारच चांगलं. नेऊन काचेत ठेवू. आणि रेघ मारलेल्या ठशाचीही एक प्रत काढून मूळ चित्राशेजारी लावायची पद्धत आहे आमच्याकडे. रेघ मारली असेलच ना?"

ठरल्या तेवढ्या प्रती छापून झाल्या, की ठशावर एक आडवी रेघ कोरायची. म्हणजे पुढे कोणी गुपचूप जास्तीच्या प्रती काढू शकत नाही. या धंद्यातला हा रिवाज, आणि आन्फिन त्या बाबतीत सोवळा होता.

"मारली होती," तो म्हणाला.

"खाली कोपऱ्यात, नावावरून," योरुन म्हणाली. "याची ती सवय आहे. चित्राला धक्का लावत नाही कधी."

आन्फिनने गार झालेल्या कॉफीचा घोट घेतला. विबेकेने ओळखलं, की इथे आता परक्याचं काम नाही. उद्या दुपारच्या बोटीने जाणार आहे, तोवर विचार करा, असं सांगून ती दुकानदाराच्या माडीवर मुक्कामाला गेली.

त्या चित्रातली मुलगी म्हणजे सिग्नी. त्यांची एकुलती एक.

सिग्नी डावखुरी होती. घरात त्याचं कोणाला काही वाटलं नाही. डाव्या हाताने ती लापशी खायची, डाव्या हाताने गळ टाकायची, आणि आमिषासाठी शिंपले उघडायला बसली, की डाव्या हातातला आखूड चाकू असा फिरायचा, की मोठ्या बाया बघत राहायच्या. शाळेत मात्र ब्रेक्के मास्तर होते. त्यांच्या मते देवाने उजवा हात लिहायला दिला आणि डावा उजव्याला मदत करायला. ते सिग्नीच्या डाव्या हातात लोकरी हातमोजा घालून मनगटाशी सुतळीने आवळून बांधायचे. पोरगी तशीच घरी आली, तेव्हा योरुनने माशाच्या सुरीने सुतळी कापली, हातमोजा घेतला आणि तडक शाळेत गेली. "मास्तर, तुमचं डोकं उलटं आहे म्हणून आम्ही ते बांधून ठेवतो का?" असं भर वर्गात विचारलं. पोरं महिनाभर हसत होती. मास्तरांनी नवा हातमोजा आणला आणि नवी सुतळी. अक्षरं शेवटी उजव्याच हाताने गिरवून घेतली.

एके दिवशी सिग्नी होडीघराच्या दारात शिंपले उघडत बसली होती. ढगांतून तिरपा उजेड तिच्यावर पडला होता, आणि इथला उजेड कोणासाठी थांबत नाही. ठशाचं असं असतं, की फळीवर जे डावीकडे ते कागदावर उजवीकडे उमटतं. म्हणून आधी पातळ कागदावर चित्र काढायचं, कागद उलटा करून ते फळीवर उतरवायचं आणि मग कोरायचं. एवढं शिकाऊ पोरालाही माहीत असतं. पण कागद आणायला घरात गेलो तर उजेड जाईल, या घाईत आन्फिनने समोरच्या फळीवरच कुंचल्याने सरळ चित्र काढलं. पुढे कोरताना त्याच्या लक्षात आलं, की छापलं की हात बदलणार. तेव्हा तो स्वतःशी म्हणाला, चित्रातल्या हाताला कसलं आलंय डावं-उजवं? चित्रकारच असली चूक करू जाणे. कोळ्याने केली नसती. त्याला डावी आणि उजवी बाजू चुकली, तर तो खडकावर आपटतो.

पहिली प्रत फळीवरून उचलली आणि योरुनच्या हातातला चमचा खाली आला.

"ही कोण?"

"कोण म्हणजे? सिग्नी."

"आपली सिग्नी नाही ही. ही तर मास्तरची सिग्नी. चाकू बघ कुठल्या हातात आहे."

"आरशात बघ म्हणजे सरळ दिसेल," आन्फिन हसत म्हणाला.

ती खरंच प्रत घेऊन आरशापुढे गेली. आरशात मुलगी डाव्या हाताने शिंपला उघडत होती. बराच वेळ बघून योरुन परत आली आणि पुढची प्रत घासायला लागली. पोट भरायचं होतं. एकेक करत तिने उजव्या हाताच्या मुली छापल्या, आणि त्या बोटीने देशभर गेल्या. चित्र गाजलं. जे पेपर बटाट्याच्या पाण्याबद्दल लिहीत होते, ते आता उजेडाबद्दल लिहायला लागले.

पुढच्या हिवाळ्यात, नाताळ उरकला आणि बेटावर घटसर्पाची साथ आली. डॉक्टरची बोट वादळामुळे पलीकडच्या बंदरातच अडकून पडली. वारा पडला, तेव्हा सिग्नी गेलेली होती.

अंत्यविधीनंतरच्या कॉफीला ब्रेक्के मास्तर योरुनजवळ आले. त्या माणसाला धीरच द्यायचा होता, हे त्याचं दुर्दैव. "निदान चित्रात तरी तिने चाकू योग्य हातात धरलाय," ते म्हणाले. योरुनने हातातली बशी टेबलावर ठेवली आणि ती बाहेर निघून गेली. घरी येऊन तिने आन्फिनला सांगितलं, "मला ती फळी दे. त्यात ती सरळ आहे."

आन्फिन होडीघरात गेला, फळी हातात घेतली, आणि तशीच परत ठेवून आला. म्हणाला, जाळली. योरुनने एकदाच त्याच्याकडे पाहिलं. त्यानंतर तिने ते चित्र बैठकीतून काढलं आणि निजायच्या खोलीत, आरशाच्या बरोबर समोर लावलं. रोज सकाळी केस विंचरताना तिच्या खांद्यामागे आरशात सिग्नी दिसायची, चाकू डाव्या हातात. चित्राकडे ती थेट कधीच बघायची नाही. वर्षानुवर्षं त्या दोघींची भेट व्हायची ती आरशात. मग काचबिंदू झाला. आता आरसाही गेला, आणि लोक म्हणायचे, योरुन म्हातारपणी फार चिडकी झाली.

सकाळी लापशी खाऊन झाल्यावर योरुनने भांडं बाजूला सारलं.

"आन्फिन, घेऊन ये."

"काय?"

"नाटक पुरे. बोटांनी अजून दिसतंय मला. तेही उद्या राहणार नाही, थंडीत आत्ताच बधिर होतात. तेवढ्यात एकदा बघून घेते तिला. मग ने म्हणावं त्या बाईला ओस्लोला, काचेत ठेव नाहीतर कुठे ठेव."

"योरुन, ती फळी खराब झालीय."

"मी धड आहे का? आण."

आन्फिन होडीघराकडे निघाला. ती वाट म्हणजे जेमतेम हाकेच्या अंतराची, पण त्याला वाटेत दोनदा थांबावं लागलं. मासा वाळवायच्या मांडवाखाली तो उभा राहिला, आणि नको तेच आठवलं.

शरदातले दिवस होते, योरुन बहिणीकडे बटाटे काढायला गेली होती. शेवटची प्रत बोटीने रवाना झाली होती, आणि आन्फिन रेघ मारायला बसला होता. सिग्नी येऊन उभी राहिली.

"बाबा, काय करताय?"

"रेघ मारतोय. नाहीतर लोक म्हणतील, शेल्विक चोरून छापतो."

"मी मारू? माझंच तर चित्र आहे."

त्याने कोरणी तिच्या हातात दिली. तिने ती अर्थात डाव्या हातात घेतली. कोपऱ्यात, नावावरून, असं तो सांगेपर्यंत तिने सुरुवातही केली होती, आणि ती थेट चित्राच्या मध्यावरून. त्याला हसू आलं. म्हटलं, करू दे. पोर जिवंत होती, समोर उभी होती, जीभ बाहेर काढून जोर लावत होती. लाकडाच्या तोंडावर रेघ गेली तर काय बिघडतं? तेव्हा काहीच बिघडत नव्हतं. सिग्नीच्या मरणानंतर योरुनने मागितली म्हणून फळी हातात घेतली, तेव्हा तिच्या तोंडावरून गेलेली ती पांढरी खाच दिसली. पोरीने स्वतःलाच खोडलं, आणि कोरणी आपण दिली, असं त्याच्या मनाने घेतलं. मनाने एकदा घेतलं की घेतलं. आईच्या हातात ती खाच कशी द्यायची? म्हणून त्याने फळी शिडाच्या कापडात गुंडाळून आढ्यावर ठेवली होती. नंतर त्याने कितीतरी ठसे कोरले, बक्षिसं मिळाली, राजाच्या हातून पदक मिळालं. पण लहान मुलाचं चित्र त्याने परत कोरलं नाही. त्यावर जाणकारांनी पुष्कळ लिहिलं, म्हणे शेल्विक निसर्गाकडे वळले.

तो परत आला, तेव्हा योरुनने हात धुऊन, कोरडे करून मांडीवर ठेवले होते. त्याने कापड सोडलं आणि फळी तिच्या मांडीवर ठेवली.

"जड आहे," ती म्हणाली. तिने आधी चारी कडा चाचपल्या. मग बोटं आत आली. "ही दाराची चौकट. हा उजेड, इथे तू सगळं खोदून काढलंस. ही टोपली." बोटं हळू झाली. "ही शाल. माझीच ती, गुडघ्यापर्यंत यायची तिच्या. हा हात..." ती थांबली. तिने स्वतःचा डावा हात उचलला, मुठीत काहीतरी धरल्यासारखा केला, आणि परत फळीवर ठेवला. "डावा आहे. चाकू डाव्या हातात आहे, आन्फिन."

"हो."

"आली ग बाई माझी," ती म्हणाली, आणि तिच्या आंधळ्या डोळ्यांतून घळघळ पाणी आलं.

आन्फिनला वाटलं, आता इथेच थांबावं, फळी उचलून घ्यावी. पण आईची बोटं ती, चेहऱ्यापर्यंत गेल्याशिवाय थोडीच राहणार होती? हनुवटीवर आली, गालावर आली, आणि खाचेत पडली.

"हे काय?"

"रेघ."

"तोंडावरून?"

योरुनने बोट खाचेतून मागे नेलं, अगदी सुरुवातीपर्यंत, आणि पुन्हा पुढे आणलं. मग आणखी एकदा. त्याच्या कोरलेल्या फळ्यांवर तिचे हात आयुष्यभर फिरले होते.

"ही तू मारलेली नाहीस," ती म्हणाली.

"योरुन..."

"थांब. तुझी रेघ उजवीकडून निघते आणि लोण्यातून सुरी जावी तशी जाते. ही डावीकडून, खालून निघालीय. इथे अडकली. इथे दोनदा ढकललीय. इथे सगळा जोर केला आणि..." तिचं बोट फळीच्या काठावरून घसरून हवेत गेलं. "सटकली." तिने मान वर केली. "तिने मारली?"

"तू बटाट्याला गेली होतीस. माझंच चित्र आहे, म्हणाली. मी दिली कोरणी तिच्या हातात. मीच दिली. तिने स्वतःच्या तोंडावर रेघ मारली, आणि नाताळानंतर लगेच..."

योरुनचा आवाज चढला.

"म्हणजे इतकी वर्षं तू हे उरावर घेऊन बसलायस? अरे, घटसर्पाने गेली ती! हान्सेनची दोन पोरं गेली, धक्क्यावरच्या मार्गिटचा तान्हा गेला. त्यांनी कुठल्या कोरण्या धरल्या होत्या रे?"

"मला वाटलं, तुला सहन होणार नाही."

"मला! माझ्याजवळ तिचं काय आहे, सांग. शाळेची वही. त्यातलं अक्षर न् अक्षर मास्तरने उजव्या हाताने काढून घेतलेलं. भिंतीवरचं चित्र, तेही उजव्या हाताचं. तिच्या स्वतःच्या हातची सगळ्या जगात ही एवढी एक रेघ आहे, आणि ती तू आढ्यावर टाकलीस." आणि मग आवाज एकदम खाली आला. "डोळे होते तेव्हा द्यायची होतीस ना रे. बघितली असती मी."

आन्फिन तिच्या खुर्चीशेजारी जमिनीवर बसला आणि लहान पोरासारखा रडला. योरुनने त्याला जवळ घेतलं नाही, की दूर लोटलं नाही. तिचं बोट खाचेतून जात होतं, येत होतं.

पुष्कळ वेळाने तिने विचारलं, "हसली का?"

"हो. सटकल्यावर खूप हसली. म्हणाली, पुरे झाल्या आता मुली."

"वाटलंच," योरुन म्हणाली. "उद्धट होती कार्टी."

विबेके दुपारी पेटी घेऊन दारात आली. तिला म्हाताऱ्याचे लाल डोळे दिसले आणि म्हातारीच्या मांडीवरची फळी दिसली. ती तशीच उंबऱ्यात उभी राहिली. आन्फिनने तिला थोडक्यात सांगितलं, काय ते. बाई मनाने वाईट नव्हती. तिने पेटी खाली ठेवली.

"मी ठसा नेत नाही," ती म्हणाली. "तो इथेच राहू दे. पण एक मागू का? एकच प्रत. इथेच, या टेबलावर काढू, मी मदत करते. मुलीच्या हातची ती रेघ लोकांना दिसायला हवी. नाव तिचंही लावू."

आन्फिनने नकळत फडताळाकडे पाहिलं. शिंगाचा चमचा तिथे होता, कित्येक वर्षं कोणी हात न लावलेला. शाईही असेल कुठेतरी. त्याला वाटलं, का नाही? मुलीचं नाव बापाच्या नावाशेजारी लागेल. योरुनचे हात अजून घासू शकतील. तो उठायला लागला.

"बस," योरुन म्हणाली.

तिने अंगावरची शाल सोडली आणि झोपलेल्या पोरावर पांघरूण घालावं तशी फळीवर घातली, चारी बाजूंनी नीट दाबून.

"नको ग बाई," ती विबेकेला म्हणाली. "छापली की पुन्हा उजव्या हाताची होईल."